पाहुणीच्या शिंगांना गेरू

हरियाणातून मुऱ्हा म्हैस आणायची हौस माझी. नवऱ्याने आधी विरोध करून पाहिला आणि मग नेहमीप्रमाणे निमूट माझ्या बाजूला आला. ती ट्रकमधून उतरली तेव्हा अर्धं गाव बघायला जमलं होतं. काळीभोर, तुकतुकीत, शिंगं जिलबीसारखी वळलेली. बाया कौतुक करत होत्या आणि मी अशी उभी होते, जणू म्हैस मीच घडवली.

सासऱ्यांना मात्र ती पटली नाही. त्यांची म्हैस नागपुरी, लांब शिंगं पार पाठीकडे गेलेली, अंगाने किरकोळ, पण उन्हातान्हात चरून येणारी. दिवाळीत गाईगोधनाच्या दिवशी गोठ्यातल्या प्रत्येक जनावराच्या शिंगांना ते स्वतःच्या हाताने गेरू लावतात. त्या वर्षी वाटी घेऊन ते मुऱ्हा म्हशीपाशी आले आणि तसेच पुढे गेले.

"मामाजी, हे राह्यली न," मी म्हटलं.

"ते पाहुणी हाय. आपल्या उन्हाळ्यात हिचा गाभ टिकला, इथं व्याली, त घरची म्हणीन."

मला इतका राग आला, की त्यांच्यापुढे चिवड्याची ताटली जरा आपटलीच गेली.

हिवाळ्यात ती गाभण राहिली. मग मी कंबर कसली. चैत्रातच गोठ्याला चारी बाजूंनी बांबूचे तट्टे ठोकले आणि घरातला कूलर उचलून म्हशीपुढे बसवला. माणसं अंगणात ओले पंचे पांघरून झोपू लागली. "पुढच्या जन्मी मले म्हैस कर," नवरा आभाळाकडे बघून म्हणायचा. पण म्हैस काही सुखात नव्हती. जीभ बाहेर, लाळ गळते आहे, वैरणीला तोंड लावत नाही. बंद गोठ्यात कूलरची दमट हवा कोंडून राहत होती, हे माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. ढोरांचे डॉक्टर आत आले ते घामाने निथळतच बाहेर पडले.

"पहिले हे तट्टे काढा, बाई. अन् रोज पाण्यात बसवा. नाई त गाभ पडते."

मी त्याच दुपारी तट्टे उपटून टाकले. सासऱ्यांच्या बोलण्याची तेव्हा आठवणसुद्धा झाली नाही. म्हशीचीच काळजी लागली होती.

वणा नदी आटली होती, पण डोहात पाणी होतं. मुऱ्हा म्हैस काठावरच अडली. नळीच्या पाण्याने अंघोळ केलेली ती, तिने नदी कशाला पाहिली असेल? मागून ढकललं, पुढून ओढलं, सरकीची ढेप दाखवली. कपडे धुणाऱ्या बाया हात थांबवून बघत होत्या. शेवटी मी पदर खोचला, दावं धरलं आणि साडीसकट कमरेइतक्या पाण्यात जाऊन उभी राहिले.

"ये व माय," मी म्हटलं. बाया खो खो हसल्या. हसू देत.

सासरेही आपली जनावरं घेऊन डोहावर आले होते. त्यांनी आपली नागपुरी म्हैस माझ्या बाजूला हाकलली. ती सरळ आत शिरून बसली. आमच्या पाहुणीने तिच्याकडे पाहिलं, एक पाय टाकला, मग दुसरा, आणि मग अशी बसली की नुसत्या नाकपुड्या वर. संध्याकाळी तिला बाहेर काढताना नाकी नऊ आले. पुढे रोज तेच.

दिवाळीच्या तोंडावर ती व्याली. वगार झाली, आईसारखीच काळीभोर. चिकाचं पहिलं भांडं मी डोहावर हसणाऱ्या बायांच्या घरी दिलं, मुद्दाम.

गाईगोधनाच्या सकाळी सासऱ्यांनी आपल्या म्हशीची शिंगं रंगवली आणि ते मुऱ्हा म्हशीपुढे बसले. मी चहा घेऊन दारात उभी होते, ती हललेच नाही. चिंधी काही त्या वळणात जाईना. त्यांनी बोट घातलं, मग करंगळी.

"कोन्या सुताराने केली हे शिंगं," ते कुरकुरले. तिने मान झटकली आणि गेरू त्यांच्या पांढऱ्या सदऱ्यावर उडाला. ते रागावले नाहीत.

"चहा ठेव तिथं," माझ्याकडे न बघता ते म्हणाले. "अन् आणखी गेरू कालवून आण. घरच्या वगारीच्या कपाळाले उरला नाई."

वाटीभर पुरला असता, तिथे मी बादलीभर कालवला.