तारीखकाकांचा नकार

दुकानात समोर अक्षरांचा तक्ता, मागे काचा घासायचं यंत्र आणि दोहोंच्या मधे एक जुना संगणक. गल्लीत त्यांना चष्मेवाले म्हणत. पण तरुणपणी त्यांनी एका संगणकभाषेतला तारखांचा हिशेब करणारा भाग लिहून दिला होता, तोही फुकट. पुढे भाषा बरीच पसरली आणि ती घडवणारे लोक त्यांना तारीखकाका म्हणू लागले. बायकोच्या मते हा सगळा रिकामपणचा उद्योग होता.

भाषेच्या परवान्यात एक अट होती: घ्या, वापरा, बदला, पण बदललेलं दुसऱ्याला दिलंत, तर तो बदल सगळ्यांना खुला करा. या अटीवर काकांचा भारी जीव. त्याला कारणही होतं. काकांच्या पहिल्या हिशेबात एकतीस जानेवारीत एक महिना मिळवला की उत्तर तीन मार्च यायचं. अख्खा फेब्रुवारी गायब! एका जहाज कंपनीने ही चूक आपल्या विकाऊ प्रोग्रॅममध्ये दुरुस्त केली आणि अटीपायी, नाकं मुरडत का होईना, दुरुस्ती खुली केली. अट नसती तर ते लोक कशाला ताकास तूर लागू देतायत, असं काका येईल त्याला ऐकवायचे. गिऱ्हाईक बिचारं नाकावर फ्रेम चढवून मान डोलवायचं.

आता ती अटच जाणार होती. नवा परवाना सैल होता: घ्या, हवं तर कुलपात ठेवा, लिहिणाऱ्याचं नाव तेवढं राहू द्या. मात्र ज्याने जे लिहिलं ते त्याच्या मालकीचं, त्यामुळे प्रत्येकाचा होकार हवा होता. सगळ्यांनी दिला. काकांनी नाही म्हणून कळवलं.

भाषेची देखरेख करणाऱ्या बाईंचा फोन आला.

"काका, मग तुमचा भाग काढून नवा लिहून घ्यावा लागेल. तोही ज्याने तुमचा कधीच वाचला नाही अशा माणसाकडून. उद्या कुणी नक्कल म्हणायला नको."

"असा माणूस मिळायचा नाही तुम्हाला," काका ऐटीत म्हणाले.

"मिळालाय. तुमची मुलगी. ती म्हणते, मी वाचलेलं नाही. तुम्ही घरातलेच आहात, खरं ना हे?"

"विचारून सांगतो," म्हणत काकांनी फोन ठेवला. मुलगी याच भाषेत नोकरी करत होती. आपलं वाचूनच ती या वाटेला लागली, असं ते इतकी वर्षं धरून चालले होते. घरी जेवताना त्यांनी विचारलं.

"एकदाही नाही वाचलंस?"

"नाही, बाबा. लहानपणी तुम्ही दाखवायचात, तेव्हा मी नुसतं हो हो करायचे."

"अहो, देऊन टाका ना होकार," बायको म्हणाली. "काही काढायला नको. नाव राहतंय की."

"नाव कुणाला हवंय?" काका म्हणाले आणि ताटावरून उठले.

त्यांना वाईट वाटलं, फार वाईट. 'तिने वाचलंय' एवढं त्यांनी म्हटलं असतं तरी बाईंना दुसरा माणूस शोधत बसावं लागलं असतं. पण काकांनी 'वाचलेलं नाही, खरं आहे' असंच कळवलं. तेव्हापासून मुलगी दुकानात आली की ते लगबगीने संगणकाचा पडदा बंद करायचे. वर्षानुवर्षं जे तिने बघावं म्हणून मागे लागले, ते आता तिच्यापासून लपवायची वेळ आली होती.

मुलीने आपला भाग लिहून तपासणीला ठेवला. काकांनी तो पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचला. काम नेटकं होतं. मग त्यांनी एकतीस जानेवारीत एक महिना मिळवून पाहिला.

तीन मार्च.

दुकानात एक बाई नंबर तपासायला आल्या होत्या. काका एकटेच इतके हसले की त्या दचकल्या. त्या गेल्यावर काकांनी मुलीला फोन लावला.

"एकतीस जानेवारीत एक महिना मिळव बरं."

पलीकडे थोडा वेळ खटखट झाली. "अय्या, फेब्रुवारी कुठे गेला?"

"मीही असाच गिळला होता."

"तुम्ही? अगदी हाच?" ती हसायला लागली. "मग सोडवलं कसं?"

"ते सांगता यायचं नाही. तुझं तू शोध."

तिने शोधलं. नवा भाग भाषेत गेला, काकांचा निघाला. काकांनी अटीबद्दलचं मत बदललं नाही, आणि कुणी विचारलंही नाही. त्याच आठवड्यात मुलगी दुकानात आली आणि संगणकाजवळ स्टूल ओढून बसली. काकांचा हात सवयीने पडदा बंद करायला गेला.

"असू द्या, बाबा. माझं काम झालं. आता वाचू?"

काकांनी पडदा तिच्याकडे वळवला आणि हातातल्या फ्रेमचा स्क्रू पिळायला घेतला. तो आधीच घट्ट होता. मुलीने पान सरसर खाली नेलं, फेब्रुवारी शोधत.

"असं मधूनच नको," ते म्हणाले. "वरपासून वाच."