तांब्या पदराखाली

वालूरच्या बाजारात माझ्या मेडिकलसमोर एक म्हातारी जडीबुटी विकते. आदल्या दिवशी जास्त प्यायलेले लोक डोकं धरून तिच्याकडेच येतात. धणे, बडीशेप आणि आवळा भिजवलेलं पाणी ती देते, पण आधी खोदून विचारते. उलटी झाली का? कोणती गोळी चालू हाय? लघवीचा रंग कसा हाय? उत्तर मिळेपर्यंत तांब्या पदराखाली.

"निस्तं पाणीच तर हाय, मावशी," गिऱ्हाईक वैतागून म्हणतं.

"पाणी बी माणूस बघून द्यावं लागतंय."

परवा एक ट्रॅक्टरवाला बायकोसोबत आला. म्हातारीनं त्याची पापणी खाली ओढून बघितली.

"डोळे पिवळे पडलेत. हे माझ्या हातचं न्हाई. परभणीला चल."

तो लय चिडला. तिनं मात्र दुकान आवरलं आणि त्या दोघांना घेऊन जीपमध्ये बसली. मीही निघालो.

तपासणी झाल्यावर डॉक्टर म्हणाले, "बरं झालं, वेळेवर आणलंत. कुणी ओळखलं?"

बायकोनं म्हातारीकडे बोट दाखवलं. डॉक्टरांनी माझ्याकडे बघितलं. "या कोण?"

"आमच्या वालूरच्या वैद्य," मी छाती फुगवून म्हणालो.

"वैद्य-बिद्य काई न्हाई," ती म्हणाली. "डॉक्टरसाब, याला सलाईन कवा लावता?"