सुनावणीची दुपार
कूलरमधल्या ओल्या वाळ्याचा वास आला की नाशिक रोडच्या एका कचेरीतली दुपार आठवते. आमच्या गल्लीला नळ मिळावा म्हणून आई वर्षानुवर्षं अर्ज करत होती. अखेर ती हायकोर्टात गेली, तेव्हा तिचं म्हणणं ऐकून निर्णय द्या, असं कोर्टाने त्या कचेरीतल्या साहेबांना सांगितलं. त्या गारव्यात साहेब म्हणाले, “बसा मावशी, बोला.” घोकून आणलेलं सगळं आई विसरली. समोरचं पाणी प्यायली आणि हळूच म्हणाली, “साहेब, असं पाणी आमच्या दारातही येऊ द्या.” साहेबांनी तिथंच मंजुरी दिली. परतताना बसच्या खिडकीला डोकं टेकून ती गाढ झोपली. तिला दिवसा झोपलेलं मी कधी पाहिलंच नव्हतं. आता आई नाही. पण मला ती अजून तशीच, वाऱ्यावर पदर सोडून झोपलेली दिसते.