पाणमांजर येईपर्यंत

आमच्या सदाशिव पेठेतल्या सोसायटीत गणपतीला जिवंत देखावा असतो, आणि त्यात दरवर्षी कुठला ना कुठला राक्षस मरतो. यंदा मी समुद्र मागितला. आयुष्यभर शाळेत जीवशास्त्र शिकवलं. निवृत्तीनंतर एक तरी तास मनासारखा घ्यावा, एवढीच हाव. अध्यक्षांनी चष्म्यावरून पाहिलं. लोकांना कळलं तर ठीक, नाहीतर पुढच्या वर्षी आपला राक्षस परत, म्हणाले. मी मान डोलावली, पण मनातून टरकले होते.

गोष्ट तशी सोपी. थंड समुद्रात केल्प नावाच्या शेवाळाचं उंच जंगल असतं, त्यात मासे लपतात. सी अर्चिन म्हणजे काटेरी चेंडूच, तोंड पोटाखाली आणि तोंडात पाच दात. तो हे जंगल कुरतडतो. समुद्री पाणमांजर अर्चिनला फोडून खातं, म्हणून जंगल टिकतं. अर्चिन दुष्ट नसतो, भूक लागते बिचाऱ्याला; कोणाचा तरी धाक हवा, इतकंच.

जंगल आम्ही सोसायटीभरच्या हिरव्या साड्यांचं केलं, दोरीला चिमट्यांनी लटकवून. अर्चिन झालो मी आणि माझ्या तीन मैत्रिणी. काळ्या गाऊनमध्ये उशा कोंबल्या आणि वरून खराट्याच्या काड्या खोचल्या. त्या अवतारात बसता येईना, लिफ्टमध्ये शिरता येईना, आणि एकमेकींकडे बघितलं की हसू आवरेना. पाणमांजर आमचे हे. तपकिरी स्वेटर आणि माकडटोपी घातली, मेकअपची गरजच पडली नाही.

सूचना मीच दिली होती: पाणमांजर येईपर्यंत खात राहायचं, म्हणजे साड्या ओढून पाडत राहायच्या.

पडदा उघडला. आम्ही एकेक साडी ओढली. रेकॉर्डिंगमधला माझा आवाज म्हणाला, आता येतंय पाणमांजर. कोणी आलं नाही. हे ऐनवेळी पेढे आणायला बुधवार पेठेत गेले होते. गणपतीच्या गर्दीत तिथे स्कूटर घालणारा माणूस नेमका माझ्याच नशिबी!

मी फाटकाकडे बघत राहिले. मैत्रिणी मात्र सूचनेप्रमाणे खात राहिल्या. मग मीही सुरू झाले. जन्मभर साड्यांच्या घड्या घातलेल्या बायका आम्ही. रान मोकळं मिळाल्यावर सुटलोच. ओढ, फेक, ओढ, फेक. काड्या एकमेकींत अडकत होत्या, लोक हसून लोळत होते आणि मला इतका आनंद झाला होता की थांबावंसंच वाटेना.

शेवटची साडी पडली. मंच उघडाबोडका झाला. साड्यांमागे लपलेल्या दोन मुली हातात पुठ्ठ्याचे मासे घेऊन तशाच उभ्या. हशा ओसरला. गेला माझा समुद्र, मला वाटलं.

तेवढ्यात पहिल्या रांगेतून अध्यक्ष उठले.

“अहो, त्या माशांनी आता राहायचं कुठे? पाणमांजराला बोलवा कोणीतरी!”

मग सगळी सोसायटीच पाणमांजराच्या नावाने ओरडायला लागली. त्याच वेळी फाटकातून हे आले, माकडटोपीवर हेल्मेट आणि हातात पेढ्यांचा पुडा. लोकांनी त्यांना जवळजवळ उचलूनच मंचावर आणलं. त्यांनी पहिला पकडलेला अर्चिन मीच.

अध्यक्षांनी पेढा घेतला, तो नीट संपवला आणि मग म्हणाले, “पुढच्या वर्षी पाणमांजर आदल्या दिवशीच आणून बांधून ठेवा.”

लिफ्टमध्ये मावत नव्हते, म्हणून काड्यांसकट जिन्याने घरी गेले, चौथ्या मजल्यापर्यंत हसत.