मायला उलटी झाली नव्हती

कुणी दुखतंय म्हटलं की माय खरं मानायची. शेजारची भांडकुदळ काकू असो की कामचुकार गडी, ती खातरजमा करत नसे. "दुखते म्हनते त दुखतच असन," म्हणून शेक द्यायला बसायची. बडनेऱ्यात आमच्या गल्लीत तिच्या भोळेपणावर सगळे हसत. मीही हसायचो.

बायकोला दिवस गेले आणि उलट्या सुरू झाल्या. पाण्याचा घोटही ठरेना. फोडणीचा, साबणाचा, माझ्या शर्टाचाही वास सोसेना. बांगड्या कोपरापर्यंत सरकू लागल्या. न्हाणीच्या उंबऱ्याशीच ती पडून असायची. अकोल्याहून सासूबाई फोनवर म्हणाल्या, "आमालेबी झालं होतं, कोनी मेलं नाही." मला तेच पटलं. एका सकाळी ती रडत म्हणाली, "मला हे मूल नको. मी मरेन हो." मी चिडलो. "अभद्र बोलू नकोस. थोडं सहन कर."

माय दारातच होती. "पोरगी वाळून राहिली अन् सहन कर म्हनतं? तू करून पाय ना एक दिवस!"

"तुलाही झालंच असेल की, माय."

"नाही झालं. तुह्या वक्ताले एक उलटी नाही झाली मले. ठेचा-भाकर खाऊन वावरात निंदाले जाओ मी. म्हनून त मले तिचं समजत नाही. नाही समजत त आयकून घ्याव मानसानं."

मी ऑफिसला निघून गेलो. मायने तिला ऑटोत घालून अमरावतीचा दवाखाना गाठला. अंगातलं पाणी पार आटलं होतं. लगेच भरती करून सलाईन लावलं. मी पोहोचलो तेव्हा माय डॉक्टरीणबाईंना सांगत होती, "ठेवाचं का नाही, ते तिलेच इचारा. माह्या पोराले नोका इचारू, त्याले काही मालूम नाही."

त्यांनी तिला एकटीलाच विचारलं. औषध थोडंफार लागू पडल्यावर तिनेच मूल ठेवायचं ठरवलं. तरी पुढे कितीतरी वेळा सलाईन लागलं. त्या काळात घरात फोडणी पडली नाही, आणि मायने डोक्याला तेल लावलं नाही.

मुलगी झाली. ती चालायला लागली तशा नातेवाईक बाया विचारू लागल्या, "दुसरं कधी?" माय म्हणायची, "तिच्या वाटच्या उलट्या तुमी करान का?"

गेल्या वर्षी माय गेली. पाहुणे पांगल्यावर बायको तिच्या खाटेवर कितीतरी वेळ बसून राहिली. मग म्हणाली, "आता दुखलं तर मी कुणाला सांगू?"

मी समोरच बसलो होतो.