कोठीतली रिळं

वसंता गेल्याचं मला सौंसरच्या बसस्टँडवर कळलं, पांढुर्ण्याहून आलेल्या कंडक्टरकडून. "गुरुजी, तुमचे ते कॅमेरेवाले दोस्त वारले ना... नागपूरच्या दवाखान्यात." काविळीचं निमित्त झालं. मला आधी रडू नाही, राग आला. चित्रपट अर्धा टाकून कोणी मरतं का?

वसंता माहितीपट करायचा, पण थिएटरात सिनेमाआधी दाखवतात तसले सरकारी नव्हेत. त्यात निवेदन नसे, संगीत नसे, गोष्ट तर नसेच. त्यासाठी त्यानं शाळेतली नोकरी सोडली आणि सख्ख्या भावानं बोलणं टाकलं. पहिल्या माहितीपटात संत्र्याच्या पेट्या भरणारे नुसते हात होते. मुंबईत एका जाणकारानं तो पाहिला आणि "पांढुर्ण्याचे आहात, तर नदीच्या दोन काठांवरून दगडफेक होते ती गोटमारीची जत्रा का नाही काढत?" असं विचारून त्याची बोळवण केली. मोहगावला आम्ही चादर बांधून तोच दाखवला, तर अर्धे लोक उठून व्हिडिओ बघायला गेले. घरी आल्यावर त्याची बायको सुमन म्हणाली, "एवढे हात काढले, एखाद्याले तं तोंड लावाचं!" आम्ही पोट धरून हसलो. वसंता मात्र हसता हसता गप्प झाला.

त्यातूनच तोंडांचा चित्रपट सुरू झाला. जाम नदीच्या अलीकडचा पांढुर्ण्याचा एक माणूस, मग पलीकडचा सावरगावचा एक. प्रत्येकानं भिंगात बघत गप्प बसायचं, बस्स. सगळं जोडलं की दोन्ही काठ एकमेकांकडे बघत राहतील, हातात दगड नसताना... असं तो पुन्हा पुन्हा सांगायचा. फिल्म मिळायची मारामार, त्यामुळे तुकड्यातुकड्यानं काम चाले. भरलेली रिळं तो डब्यात बंद करून गव्हाच्या कोठीत ठेवी, तिथं गारवा असतो म्हणून. बरीच साठली की मुंबईला धुवायला न्यायची. शेवटचं भेटलो तेव्हा डोळे हळदीसारखे पिवळे झाले होते. माझा हात धरून म्हणाला, "हा नाही झाला तं मी जिंदगीत काहीच नाही केलं, असं समज. मले काही झालं तं कोठीतली रिळं तू मुंबईले ने." मी हो म्हणालो. आधी बरा हो, असंही म्हणालो.

तेरवीला गेलो तो रिळं न्यायच्या तयारीनंच. अंगणात पाऊल टाकलं. भर उन्हात, कपडे वाळत घालायच्या दोरीवर सगळी फिल्म सोडलेली होती आणि सुमन एकेक पट्टी डोळ्यांसमोर धरून बघत होती. धुऊन आलेली रिळं वसंता अशीच खिडकीशी धरून तिला दाखवायचा. हा बघ तुझा मामा, ही बघ शेजारची काकू. न धुतलेल्या फिल्मला उजेड लागला की तिच्यावरचं सगळं कायमचं जातं, हे तिला कोण सांगणार? डबे तर दोन्हींचे सारखेच.

"घरात त्यांचा एकबी फोटो नाही, भाऊजी," ती म्हणाली. "हार कायले घालू? आखरीच्या रिळात ते सोता बसले होते. मलेच म्हणे, दाब बटन. तेच शोधून राहिली मी सकाळपासून. पण याच्यात तं काहीच दिसत नाही."

मी दोरीवरची एक पट्टी हातात घेतली. ती पुढे आपणच म्हणाली, "धुतलं नसंन ना अजून? मंग दिसंन. तुम्ही न्या." खाली बसून तिनं एकेक रीळ पदरानं पुसून गुंडाळलं, डब्यांत भरलं आणि माझ्या पिशवीत घातलं.

ते डबे माझ्या कपाटात आहेत. मुंबईला नेण्यात अर्थ नाही आणि फेकवत नाहीत. परवा पांढुर्ण्याला गेलो. सुमननं चहा पुढे केला आणि विचारलं, आले का धुऊन? माझ्या तोंडून निघालं, "तिकडं कामाची गर्दी आहे. वेळ लागेल."

"लागू द्या," ती म्हणाली आणि भिंतीकडे बोट केलं. "मी खिळा मारून ठेवला हाय."