रामेश्वराची वाळू

विजयमालानं नवऱ्याचा हात मुसळानं मोडला, ही गोष्ट मलकापुरात पोराटोरांनाबी ठावं हाय. लोक ती हसून सांगत्यात. मला हसू येत न्हाई, कारण त्या दिवशी मी तिच्या दारात मिरच्या कुटायला बसले हुते आन् मुसळ माझ्याच हातातलं हुतं.

नाथाजी, तिचा नवरा, फौजेतनं हवालदार हून आलेला. फौजेत त्येनं किती लढाया मारल्या देव जाणे, घरात मात्र रोजची लढाई. कमरंचा पट्टा, पायातला बूट, हाताला घावंल त्ये. बारा वर्षं तिनं सोसलं. त्या दिवशी आमटी खारट झाली म्हणून त्येनं तिचं डोस्कं भितीवर हाणलं. एकदा न्हाई, दोनदा. तिसऱ्यांदा केस धरले तवा तिनं माझ्याकडचं मुसळ हिसकलं आन् त्येच्या कोपरावर घातलं. वाळका ऊस मोडावा तसा आवाज झाला. त्यो बोंबलत खाली बसला आन् ही म्हणती कशी, "डावा हाय म्हणून मोडला. उजवा ठेवलाय जेवायला."

आन् नवल बगा, त्यो माणूस सुधारला! पुन्यांदा हात उचलला न्हाई. आज आपला च्या आपण करतो, वर तिलाबी देतो. लोक म्हणाले, बाई असावी तर अशी. पर मी म्हणते हितंच घात झाला. तिच्या डोक्यात पक्कं बसलं की कसलाबी नवरा आसू द्या, त्येला वाकवता येतो. गाठ सोडायची न्हाई, माणूस वाकवायचा. ह्ये तिचं ब्रीदच झालं म्हणा की.

पुढं तिनं यात्रेच्या गाड्या काढल्या. कराडातनं बस, संगं सिलिंडर, पातेली, पिठाची पोती, आन् आचारी म्हणून मी, हरणाक्का. कुणाच्याबी हाताचं आमच्या मान्साला चालत न्हाई, बेटावर गेला तरी त्येला पिठलंच लागतं. विजयमाला पुढं माईक धरून हुबी, कमरंला पदर खोचलेला, आवाज असा की डायवर दचकावा. "खाली बगा, समुद्र! ह्यो पूल सपला की बेट लागलं. आज दिवसभरात पयलं अग्नितीर्थ, मग देवळातल्या बावीस कुंडांचं पाणी अंगावर, मग रामाची पावलं, आन् शेवटी धनुष्कोडीचा किनारा. कुणी मागं ऱ्हायला तर हनुमंताला शोधायला धाडणार न्हाई, सांगून ठेवते!" समदी गाडी हसायची. चौदा खेपा केल्या आमी रामेश्वराच्या.

पंधराव्या खेपंला पल्लवी आली.

इस्लामपूरकडची पोर, सव्वीस-सत्तावीसची. लग्नाला सहा वर्षं झाली, पोट पिकलं न्हाई, म्हणून सासूनं दोघांना रामेश्वराला धाडलेलं. नवरा जयराज. दिसायला उमदा, बोलायला गोड, म्हाताऱ्यांच्या पिशव्या उचलणारा. गाडीतल्या बाया म्हणायच्या, काय नशीब काढलंय पोरीनं. मीबी म्हणलं. माझी जीभ झडली असती तर बरं झालं असतं.

त्या सकाळी लॉजच्या मागं मी च्याचं आधण ठेवलं हुतं. पल्लवी आली, फडकं ओलं करून मागितलं आन् कानाला लावलं. फडकं लाल झालं. मी म्हणलं, "काय गं ह्ये?" तेवढ्यात विजयमाला आली. आमच्या गाडीची एक रीत हाय. दर्शनाच्या दिवशी सकाळी विजयमाला बायांत फिरून हळूच इचारती, कुणाला बाजूला बसायचंय का. जिची पाळी आली आसंल ती माझ्यापाशी थांबती, पूजंला जात न्हाई, आन् तिला कोण काय इचारत न्हाई, नवराबी न्हाई.

पल्लवीनं तिचा हात धरला. "काकू, मी बाजूला हाय म्हणून सांगा. ह्यांच्यासंगं मला पाण्यात न्हाई जायचं."

"हायस का खरंच?"

"न्हाई. पर तुमी सांगा. तुमी सांगितलं तर त्ये ऐकतील."

विजयमालानं कान बघितला. रगत बघितलं. आन् माझी ही वाघीण काय म्हणाली? "देवाच्या दारात खोटं मी बोलायची न्हाई, पोरी. हात उचलतो व्हय? माझाबी उचलायचा. पळून काय हुतंय? आज जोडीनं बस, सांजच्याला मी त्येला बघते. असले लय सरळ केलेत."

"काकू, पाया पडते."

"ऊठ, पदर नीट घे," म्हणाली आन् गेली. मीबी च्या गाळत बसले.

अग्नितीर्थावरचा समुद्र म्हंजे तळंच. लाट न्हाई, गाज न्हाई. कमरंएवढ्या पाण्यात शेकड्यानं लोक हुबे. काठावर पुजारी जोड्यांना वाळूची पिंड करायला लावतो, पदर-उपरण्याची गाठ मारतो, संकल्प सांगतो. मग तसंच गाठीनं समुद्रात जायाचं आन् जोडीनं तीन बुड्या मारायच्या. काठावरच्यांनी मोठ्यांदा मोजायच्या, ही आमच्या गाडीची हौस. मी नारळाचं पोतं आन् सोलायला कोयता घिऊन काठालाच बसले हुते.

पल्लवीची गाठ पुजाऱ्यानं न्हाई, विजयमालानं स्वतः मारली. चांगली वढून मारली. पुजाऱ्याला मराठी यायचं. त्येनं इचारलं, "संतान? किती वर्षं झाली? बाई, तुमच्यात काय दोष?"

पल्लवी खाली बघून म्हणाली, "माझी तपासणी झालीया. माझ्यात काय न्हाई. ह्यांनी तपासून घेतलं न्हाई."

दोन बाया फिस्सकन हसल्या. जयराजबी हसला. तोंडभर हसला आन् तिचा हात धरून पाण्यात शिरला.

"एक!" आमी वरडलो. "दोन! तीन! हर हर महादेव!"

तीन झाल्या की जोडी भाईर येती. ही आली न्हाई. त्येनं तिच्या मानंवर हात ठेवला आन् चौथी मारली. त्यो सोता हुबाच हुता, तिलाच खाली दाबत हुता. आमच्यातले म्हातारे सुभेदार, लालासाहेब, टाळी वाजवून म्हणाले, "लय भाविक गडी हाय!" मग काय, समद्यांना चेव आला. "पाच! सहा!" मीबी मोजत हुते, समद्यांत मोठा आवाज माझा. "सात!" म्हणलं आन् मोजायची थांबले, कारण पल्लवीचा हात पाण्यावर आला आन् त्येची बोटं अशी हवा धरायला बघत हुती.

विजयमालाच्या तोंडातनं आवाज निघाला त्यो मी जनमात इसरणार न्हाई. तिनं माझ्या म्होरला कोयता उचलला आन् लुगड्यासकट पाण्यात धावली. तवर त्यो दाबतच हुता. आमी मोजायचं थांबलो हुतो आन् त्यो दाबतच हुता, आन् तोंडानं काय म्हणत हुता ठावं हाय? "दोष धुतोय तुझा, दोष धुतोय."

विजयमालानं पयली गाठ वढली. भिजल्याली गाठ, तिनंच आवळलेली, सुटतीया कुठं! मग कोयता घातला. उपरणं फाटलं, पदराची कडबी कापली, पल्लवी सुटली, पर त्येनं केस सोडले न्हाईत. तवा तिनं कोयता उलटा केला आन् मागल्या बाजूनं त्येच्या खांद्यावर असा घातला की खांदा खालीच आला. त्येनं दुसऱ्या हातानं तिच्या तोंडावर बुक्की हाणली, दोन दात पाण्यात गेले. तिनं दुसरा घाव मनगटावर घातला. तिसरा बरगडीवर. तिसऱ्याची गरज नव्हती, ह्ये मी देवाशपथ सांगते. त्यो तवा खाली पडला हुता. पाणी लाल झालं आन् आजूबाजूची माणसं किंचाळत काठाला पळाली.

पल्लवीला मी आन् दोघींनी भाईर वढली. पालथी घातली, पाठीवर बुक्क्या मारल्या. लय पाणी वकली. डोळं उघडले तवा विजयमाला तिच्या म्होरं गुडघ्यावर हुती, तोंडातनं रगत गळत हुतं. पल्लवीनं तिच्याकडं बघितलं आन् येवढंच म्हणाली, "बांधलीसा कशाला, काकू?"

विजयमालानं आपल्याच थोबाडीत मारून घेतली. मी हात धरस्तवर चार मारल्या.

पोलीस आले. जयराजनं पडल्या पडल्या सांगितलं, पाय घसरून दगडावर पडलो. खरं सांगितलं असतं तर त्येला बुडवाबुडवीबी सांगावी लागली असती. त्येला दवाखान्यात नेलं, गाडीतले त्येचे दोन मैतर तिथंच ऱ्हायले. बाकीची गाडी देवळात गेली. व्हय, गेली! इतक्या लांब आलोय, बावीस कुंडं सोडायची कशी? पल्लवीलाबी संगं नेली. तिच्यावर कुणीतरी पुण्य म्हणून बादली उचलली तशी ती इतकी किंचाळली की बादलीवाल्याच्या हातनं बादली पडली. लालासाहेब तवाबी पुटपुटत हुते, "नवरा-बायकोच्या मधी पडू नये. गाठ कापणं वाईट." मी म्हणलं, "सुभेदार, टाळी तुमी वाजवली, मोजलं मी. आता दोघंबी गप बसू." धनुष्कोडीला दुपारी गेलो. समदे वाळूत खेळले. पल्लवी गाडीतनं उतरली न्हाई, पाण्याकडं पाठ करून बसली. मी शेजारी बसले तवा म्हणाली, "मावशी, तुमी सातावर थांबला. मी अकरा मोजल्या."

येताना दोन दिवस कुणी गाणं म्हणलं न्हाई. जयराजनं घरला फोन केल्याला हुता, ह्ये आमाला ठावं हुतं, आन् इस्लामपूरच्या फाट्यावर लालासाहेबांसकट धाजण उतरायचे हुते. गाडी न थांबवून चालणार न्हाई. विजयमालानं मागं येऊन पल्लवीला माझ्या पातेल्यांच्या मागं, पिठाच्या पोत्यांत बसवलं, वरनं सतरंजी टाकली. कुणाला काय बोलली न्हाई. समद्या गाडीनं बघितलं.

सकाळचे धा वाजलं असतील. फाट्यावर पंधरा-वीस माणसं, हातात काठ्या, एकाच्या हातात सायकलची चेन. जयराजची आई म्होरं. "माझ्या लेकाला मारणारी ती रांड कुठं हाय, आन् माझी सून कुठं हाय? काढा भाईर. घरला न्हेते, मग दाखवते तिला."

विजयमाला दारात हुबी ऱ्हायली, दोन्ही हात दांड्यांना. "मारणारी मी. सून गाडीत न्हाई. तिकडंच उतरली."

"खोटं! चढा रं वर!"

तवा विजयमालानं कमरंची पुडी काढली. अग्नितीर्थाची वाळू, पिंडीतली. परत्येक खेपंला ती आणती आन् देव्हाऱ्यात ठेवती. आमच्याकडं असल्या वाळूवर हात ठिवून खोटं बोलायचं म्हंजे निर्वंश. कोर्टात खोटं बोलतील, पर ह्यावर न्हाई. तिनं वाळू मुठीत धरली आन् हात वर केला. "रामेश्वराची आण. पल्लवी ह्या गाडीत न्हाई. आसंल तर माझ्या लेकराबाळांचं वाटोळं हुईल."

तिला एक लेक हाय, कराडात शिकती.

चढणारी माणसं पायरीवरच थांबली. सासूनं लालासाहेबांकडं बघितलं. गावातलं वजनदार माणूस त्ये. "सुभेदार, तुमी सांगा. हाय का आत?"

लालासाहेब काठी टेकत खाली उतरले, टोपी नीट केली. "न्हाई बा," म्हणाले. "आमी न्हाई बघितली." त्येंच्या मागनं उतरणारी नऊबी माणसं तसंच म्हणाली, एक एक करून. न्हाई. न्हाई. न्हाई. माझ्या पायापाशी सतरंजी थरथरत हुती.

कुण्या पुतण्यानं रागानं दगड हाणलाच. काच फुटली, विजयमालाच्या कपाळाला खोक पडली. डायवरनं गाडी दामटली. काठ्या पत्र्यावर वाजत ऱ्हायल्या, मागची काच गेली, मग हळूहळू मागं पडल्या.

मलकापूरला गाडी थांबवलीच न्हाई. बाकीच्यांना कराडात उतरवलं आन् थेट शिरवळला नेली. तिथं पल्लवीची बहीण कंपनीत कामाला हाय, फोन केल्यावर ती रस्त्यावर यिऊन हुबी हुती. पल्लवी उतरली, अंगभर पीठ. विजयमालाच्या म्होरं येऊन थांबली. पाया पडली न्हाई, गळ्यात पडली न्हाई. आपल्या पदराची कापलेली कड तिनं बघितली आन् तेवढी चिंधी फाडून विजयमालाच्या कपाळाला बांधली. मग बहिणीसंगं चालू लागली.

परतीला मोकळी गाडी. विजयमाला पायरीवर बसली हुती, मुठीत अजून ती वाळू. मी म्हणलं, "सोड आता. लेकीची आण खाल्लीस, देव बघून घील. चांगल्यासाठी खोटं बोललीस."

"बोलले की," ती म्हणाली. दोन दातांच्या फटीतनं शब्द नीट निघत नव्हते. "पर तीन दिवस उशिरा बोलले, हरणाक्का."